पस्तावणे आणि परतणे

 

मायबाप श्रोतेहो, रात्र झाली आहे, तुमचे पाय दुखताहेत, हे मला इथूनही दिसतंय. कोणी वैजापूरकडून आलंय, कोणी नेवाशाकडून, कोणी जालन्याहून ट्रॅक्टरमध्ये बसून. लेकरं मांडीवर झोपलीत. झोपू द्या. लेकरांसाठी हा विषय नाहीच, त्यांची पापं अजून बिस्किटाएवढी आहेत.

संध्याकाळी मी सगळीकडे एक फेरी मारली. मेणबत्त्यांची रांग पाहिली, पार रस्त्यापर्यंत गेली होती. नवस फेडणाऱ्यांची रांग पाहिली. पाळण्याची रांग तर विचारूच नका, तिथे धक्काबुक्की! आणि एका बाजूला खुर्ची टाकून एक फादर बसले होते, गळ्यात जांभळा पट्टा, आणि समोर माणसं किती? चार. त्यातही दोघं पत्ता विचारायला आलेले.

ती पापनिवेदनाची रांग. गोव्याकडे तिला कुमसार म्हणतात. आम्ही पापनिवेदन म्हणतो, प्रायश्चित्त संस्कार म्हणतो. नाव काहीही घ्या, रांग आखूडच. म्हणून म्हटलं आजची सेवा याच विषयावर करावी.

(येथे मूळपद व भजन झाले.)

आपल्या मराठीत शब्द आहे पश्चात्ताप. फोडून पाहा. पश्चात् म्हणजे नंतर आणि ताप म्हणजे जळणं. करून झाल्यावर जे जळतं तो पश्चात्ताप. शब्द चांगला आहे, खरा आहे, पण मंडळी, अर्धा आहे. जळतं हे त्यानं सांगितलं. जळल्यावर माणसानं जायचं कुठं, ते नाही सांगितलं. जुन्या कराराची भाषा इब्री, तिच्यात यासाठी शब्द आहे ‘शूव’. त्याचा अर्थ काय? परत फिरणं. बस्स. वाट चुकलेला माणूस कळल्याबरोबर पाठ फिरवतो ना, तसं. आणि नवा करार ग्रीक भाषेतला, त्यात शब्द येतो ‘मेटानोइया’, मन पालटणं. तिथं डोळ्यांतून पाणी आलंच पाहिजे असं काही नाही. तोंड कुठल्या दिशेला आहे ते महत्त्वाचं.

आता तुम्ही म्हणाल, बुवा, शब्दांचा कीस काय काढताय, गोष्ट सांगा. सांगतो. गोष्ट एकाच रात्रीची आहे आणि माणसं दोन. दोघं एकाच ताटात जेवलेले, दोघांचे पाय त्याच संध्याकाळी प्रभूनं स्वतःच्या हातानं धुतलेले. एकाचं नाव पेत्र, दुसऱ्याचं यहूदा इस्कर्योत.

थंडीची रात्र. प्रभूला पकडून प्रमुख याजकाच्या वाड्यात आणलं आहे. अंगणात कोळशाची शेकोटी पेटली आहे, नोकर आणि शिपाई शेकत उभे आहेत, आणि त्यांच्यातच पेत्र हात पुढे करून उभा. काही तासांपूर्वी हाच पेत्र छाती ठोकून सांगत होता, सगळे पळाले तरी मी पळणार नाही, जीव देईन. बागेत तलवार काढून त्यानं एकाचा कानही कापला! तलवारीपुढं न डगमगलेला हा गडी कोणापुढं डगमगला? दारावरच्या एका मोलकरणीपुढं. तिनं सहज विचारलं, तू त्या माणसाबरोबरचाच ना? हा म्हणाला, छे. शेकोटीपाशी पुन्हा कोणी विचारलं, पुन्हा छे. तिसऱ्यांदा जो बोलला तो ज्याचा कान कापला त्याचाच नातेवाईक, आणि पेत्राची बोली गालीलची, नगरी माणूस मुंबईत तोंड उघडताच ओळखू यावा तशी. आता मात्र पेत्र शपथा घ्यायला लागला. त्या माणसाला मी ओळखतच नाही. आणि कोंबडा आरवला.

लूक एक बारीक गोष्ट सांगतो, बाकीच्यांनी ती लिहिलेली नाही. त्याच क्षणी प्रभूनं वळून पेत्राकडे पाहिलं. बोलला नाही, नुसतं पाहिलं. पेत्र बाहेर गेला आणि ढसाढसा रडला.

आता यहूदाकडे या. त्यानं प्रभूला धरून दिलं, तीस चांदीच्या नाण्यांना. मोशेच्या नियमशास्त्रात कोणाच्या बैलानं दुसऱ्याच्या दासाला मारलं तर मालकाला जी भरपाई द्यायची, ती तीसच नाणी. म्हणजे भाव ठरला तो एका गुलामाचा. सकाळी यहूदाला कळलं की प्रभूला मरणदंड होणार. आणि ऐका हं, इथं लोक चुकतात. लोकांना वाटतं, यहूदाला काही वाटलंच नाही. नाही मंडळी! यहूदाला वाईट वाटलं. एवढंच काय, त्यानं पैसे परत केले. एवढंच काय, त्यानं पाप कबूल केलं, स्वच्छ शब्दांत, की निर्दोष माणसाचं रक्त मी विकलं. दुःख झालं, कबुली दिली, भरपाई केली. हिशेबानं पाहिलं तर पेत्रापेक्षा यहूदाचाच हिशेब पुरा. पेत्रानं त्या रात्री काय केलं? नुसता रडला!

मग एक तरला आणि दुसरा गळफास घेऊन मेला, हे कसं?

यहूदा कबुली द्यायला गेला कोणाकडं ते पाहा. ज्यांनी पैसे देऊन पाप करवलं त्यांच्याकडंच. त्यांनी काय उत्तर दिलं? तुझं तू पाहा, आम्हाला काय त्याचं! त्यानं नाणी मंदिरात भिरकावली तर ती उचलताना यांची चर्चा काय, तर हे रक्ताचे पैसे, देवाच्या भांडारात घालणं शास्त्राला धरून नाही. वा रे शास्त्र! माणूस मारायला चालतो, नाणं पेटीत टाकायला चालत नाही. त्या पैशांतून त्यांनी कुंभाराचं शेत घेतलं, परक्यांना पुरायला. आणि जो जिवंत माणूस तळमळत समोर उभा होता, त्याच्यासाठी कोणापाशी एक शब्द नव्हता.

जगात पाप करायला लावणारे पुष्कळ भेटतात. पाप घेऊन परत त्यांच्या दारात गेलात तर ऐकू येतं, तुझं तू पाहा.

आमच्या धर्मशिक्षणाच्या वर्गात एक म्हातारे फादर शिकवायचे. त्यांनी दाखवलं होतं की मत्तयानं यहूदासाठी ‘मेटानोइया’चा शब्द वापरलेलाच नाही. दुसरा वापरलाय, ज्याचा अर्थ हळहळणं. हळहळ झाली, पण तोंड फिरलं नाही. प्रभू तेव्हा जिवंत होता हो! बांधलेला होता, पण जिवंत होता. यहूदाला त्याच्यापर्यंत पोचता आलं नसतं असं धरू. पण वधस्तंभाखाली तर कोणीही उभं राहू शकत होतं. तिथं शेजारी टांगलेल्या एका दरोडेखोरालासुद्धा मागितल्याबरोबर मिळालं. यहूदाला मिळालं नसतं?

मात्र यहूदा नरकात गेला असं मी म्हणणार नाही. चर्चनं आजवर अमुक माणूस नरकात आहे असं कोणाचंच नाव घेऊन जाहीर केलेलं नाही, यहूदाचंसुद्धा नाही. फ्रान्समध्ये वेझले नावाचं गाव आहे, तेही आपल्या या ठिकाणासारखं यात्रेचं. तिथल्या मग्दालियाच्या मंदिरात बाराव्या शतकातला एक खांब आहे. त्याच्या माथ्यावर एका बाजूला यहूदा फासावर लटकलेला कोरलाय, आणि दुसऱ्या बाजूला एक माणूस त्याचं प्रेत खांद्यावर घेऊन चाललाय. पोप फ्रान्सिस हा खांब आठवून सांगायचे की तो खांद्यावर घेणारा माणूस म्हणजे उत्तम मेंढपाळ. हरवलेलं मेंढरू कसं खांद्यावर घेतात, तसं. मी तो खांब पाहिलेला नाही, चित्र पाहिलंय. पाहून मला दोन दिवस जेवण गोड लागलं नाही.

(भजन.)

तर पेत्र. प्रभू पुन्हा उठला. पण पेत्राचं काय झालं? तो गेला मासे धरायला. पूर्वीचाच धंदा. सात जण होडीत, रात्रभर जाळं टाकलं, एक मासा नाही. पहाटे किनाऱ्यावर कोणी उभं आहे. म्हणतो, उजवीकडं टाका. टाकलं. योहानानं मोजून लिहिलंय, १५३ मासे, मोठे मोठे. योहान पेत्राला म्हणाला, अरे, प्रभू आहे तो! झालं, होडी किनाऱ्याला लागायची वाट कोण पाहतो, पेत्रानं अंगरखा कमरेला गुंडाळला आणि पाण्यात उडी. पोहताना लोक कपडे काढतात, हा घालून उडी मारतो. घाई पाहा!

आणि काठावर काय? कोळशाची शेकोटी. तिच्यावर मासळी, बाजूला भाकर. मंडळी, हा कोळशाच्या शेकोटीचा जो ग्रीक शब्द आहे, तो सगळ्या नव्या करारात दोनच ठिकाणी येतो. एकदा त्या अंगणात, आणि एकदा इथं किनाऱ्यावर. तोच वास, तीच धग. पेत्राच्या पोटात खड्डा पडला नसेल का?

प्रभूनं आधी न्याहारी दिली. रिकाम्या पोटी कोणाला विचारपूस करत नाहीत, हे आपल्या घरच्या बायांना चांगलं माहीत आहे. जेवण झालं, मग विचारलं, तुझा माझ्यावर जीव आहे का? नाव घेतलं तेही पेत्र नाही, जुनं घरचं नाव, शिमोन, योहानाचा मुलगा. तीन वेळा विचारलं. तिसऱ्यांदा पेत्र कष्टी झाला. का तीनदा, ते त्याला कळलं होतं. त्या अंगणातली एकेक छे प्रभूनं अशी एकेक करून काढून घेतली, आणि प्रत्येक वेळी वर काम दिलं, माझी मेंढरं सांभाळ. का रे तसं केलंस, असं एकदाही विचारलं नाही. अख्खं शुभवर्तमान शोधा, सापडणार नाही.

याच्याही आधी, पुनरुत्थानाच्या संध्याकाळी, प्रभूनं शिष्यांवर फुंकर घालून पापक्षमेचा अधिकार दिला. कोणाला दिला? जे तीन रात्रींमागं पळून गेले होते त्यांना. नाकारणारा पेत्र त्यातच होता. म्हणून लोक विचारतात ना, माणसापुढं पाप का सांगायचं, फादर काय देव आहे का, तर नाही, देव नाही. त्यालाही दुसऱ्या फादरपुढं गुडघे टेकावे लागतात. २०१४ च्या मार्चमध्ये रोमला सेंट पीटरच्या मंदिरात पोप फ्रान्सिस लोकांची निवेदनं ऐकायला निघाले होते. त्यांच्यासाठी जागा ठरलेली होती. पोप त्या जागेकडं न जाता दुसऱ्याच एका धर्मगुरूच्या जागेपाशी गेले आणि आधी स्वतः गुडघे टेकले, सगळ्या जगासमोर. आमचे अमेरिकन मिशनचे भाऊबंद म्हणतात, आम्ही सरळ देवाला सांगतो, मध्ये कोणी नको. त्यांच्याशी मी वाद घालत नाही. हे कीर्तनच मुळी नगरला त्यांच्या कृष्णराव सांगळ्यांनी ख्रिस्ताच्या घरात आणलं, त्यांचं ऋण आहे आमच्यावर. आणि १९०५ साली केडगावला पंडिता रमाबाईंच्या मुक्तिसदनात काय झालं ते त्यांच्याकडूनच ऐकावं. मुली रात्र रात्र रडून आपली पापं उघड सांगत होत्या. कोणी बोलावलं नव्हतं, नियम नव्हता. मी एवढंच विचारतो, सरळ देवाला सांगतो म्हणणाऱ्या आपल्यांपैकी किती जण खरंच सांगतात?

पूर्वी हे आजच्यासारखं कानात सांगणं नव्हतं. पहिल्या काही शतकांत खून, व्यभिचार, धर्मत्याग अशा पापांना उघड प्रायश्चित्त असायचं, वर्षानुवर्षं, आणि तेही आयुष्यात एकदाच. मग लोक काय करायचे, मरणाची वाट पाहायचे! पुढं आयर्लंडच्या संन्याशांनी एकट्यानं सांगायची आणि पुन्हा पुन्हा सांगायची वाट पाडली. १२१५ साली लॅटरनच्या सभेनं वर्षातून एकदा तरी निवेदन केलंच पाहिजे असा नियम केला, आणि ऐकणाऱ्यानं ते फोडलं तर त्याला जन्मभर मठात डांबायचं असंही ठरवलं. प्रागचे योहान नेपोमुक, १३९३ साली राजानं त्यांना पुलावरून नदीत टाकलं. परंपरा सांगते की राणीचं निवेदन सांगायला त्यांनी नकार दिला म्हणून. आणि खोटं कशाला बोला, याच क्षमेचा बाजारही झाला. दंडमाफीची पत्रं पैसे घेऊन वाटली, त्यावरून १५१७ मध्ये ल्यूथर उठला आणि चर्च दुभंगलं. जिथं फुकट मिळतं तिथं कोणीतरी गल्ला मांडतोच.

आता माझं सांगतो. फादरला माझं निवेदन फोडता येत नाही, पण मला माझं सांगायला कोणाची बंदी नाही.

मी बावीस-तेवीस वर्षांचा होतो. गोदावरीकाठचं गाव, देऊळमाता म्हणून लहानसं चर्च, आमचं भजनी मंडळ. नवीन मृदंग घ्यायचा म्हणून घरोघर फिरून ३१० रुपये जमवले होते. पेटी आमच्या मृदंगवाल्याच्या घरी, किल्लीही त्याच्याकडं. तो माझा जिवाचा मित्र, आम्ही एका सायकलवर डबलसीट शाळेत गेलेलो. एकदा तो शेतात होता, त्याची आई अंगणात. मी आत गेलो, पैसे घेतले. गरज होती का? नाही. मला घड्याळ पाहिजे होतं. मनगटी घड्याळ. नगरला जाऊन घेतलं आणि मामानं दिलं म्हणून सांगितलं.

रविवारी मिस्सानंतर पेटी उघडली. रिकामी. मंडळाच्या वडीलधाऱ्यांनी मला विचारलं, तू येत-जात असतोस, तुला काही माहीत? मी म्हणालो, नाही. संध्याकाळी त्याची आई आमच्या ओट्यावर आली, मी तिला मावशी म्हणायचो. ती म्हणाली, बाळा, तुला काही ठाऊक असेल तर सांग, माझं पोर चोर नाही. मी म्हणालो, मावशी, मला काय ठाऊक? पेत्रानं तीनदा नाकारलं, मी दोनदाच. तिसऱ्यांदा मला कोणी विचारलंच नाही.

दोन महिन्यांत तो गाव सोडून पुण्याकडं कंपनीत लागला. मृदंग कोणीतरी दुसरंच वाजवायला लागलं. आणि मी? मी बुवा झालो! वीस वर्षं गावोगाव कीर्तनं केली. पापनिवेदनालाही जात होतो बरं, नेमानं. राग आला, मिस्सा चुकली, बायकोला टाकून बोललो, ही सगळी सांगायचो. किरकोळ पापांची मोळी बांधायची आणि मोठं लाकूड घरात ठेवायचं. शिवाय तोंडात पदं पश्चात्तापाची.

ते लाकूड मी इथं याच यात्रेत बाहेर काढलं. त्यातही लबाडी केली. रांगा पाहिल्या आणि जे फादर केरळकडचे होते, मराठी कच्ची होती, त्यांची रांग धरली. म्हटलं, निम्मं तर कळणार नाही. सांगून झालं. वाटलं, एक जपमाळ म्हणा म्हणतील. ते थोडा वेळ गप्प बसले आणि मोडक्या मराठीत एकच विचारलं, तो माणूस जिवंत आहे का? मी म्हणालो, आहे. म्हणाले, मग देव तुम्हाला आता क्षमा करतो. तुम्ही त्याच्याकडं जा. नाव तुम्ही नेलं, नाव तुम्ही द्या.

गेलो. लगेच नाही, चार महिने लावले. दारात वहिनींनी ओळखलं, पाणी दिलं. तो समोर बसला. मी सगळं सांगितलं, पैसे पुढं ठेवले. त्यानं पैशांकडं पाहिलंही नाही. बराच वेळानं म्हणाला, “हे तू तेव्हा बोलला असतास तर आई ऐकून गेली असती.”

मावशी वारली होती, सहा वर्षं झाली होती. गावात नाव निघालं की मान खाली घालायची म्हणे.

देवानं क्षमा केली, यावर माझा विश्वास आहे, तसूभर शंका नाही. पण मावशीचं ऐकणं राहिलं, ते कोणी भरून देणार नाही. जक्कय जकातदारानं चौपट परत करतो म्हटलं. मी कशाची चौपट करू? पुढच्या रविवारी गावच्या चर्चमध्ये उभं राहून सगळं सांगितलं. दोघं-तिघं उठून गेले. एक वर्ष मला कोणी कीर्तनाला बोलावलं नाही, आणि बरोबर केलं.

तेव्हापासून दर २ नोव्हेंबरला, मृतांच्या दिवशी, मी मावशीच्या कबरीवरचं गवत काढतो, चुना लावतो. पाचव्या की सहाव्या वर्षी तो पुण्याहून आला. त्याला मी तिथं असेन हे माहीत नव्हतं. उभा राहिला. मी हात थांबवला. मला वाटलं, आता हाकलून देणार. त्यानं चुन्याची बादली उचलली आणि माझ्या हाताशी आणून ठेवली. क्षमा केली असं तो बोलला नाही. अजूनही बोललेला नाही. पण आता दोघं मिळून लावतो. अर्धी बाजू त्याची, अर्धी माझी.

बरं, पुष्कळ झालं. उद्या पहाटे साडेपाचपासून मंडपाच्या डाव्या अंगाला फादर बसणार आहेत, पाच-सहा जण तरी असतील. मराठी सगळ्यांची चांगली आहे, मी चौकशी केली आहे. त्यामुळं माझ्यासारखी सोय तुम्हाला मिळणार नाही. चला, टाळ घ्या. मृदंग थोडा उतरलाय, तेवढा चढवून घ्या.